कुसुमअक्का आणि एक माणूस जास्त

कुसुमअक्काला माणसं मोजल्याशिवाय चैन पडत नसे. लग्नाच्या पंगतीत बसली तरी समोरची ओळ ती डोळ्यांनीच मोजून टाकायची. आमच्या कॉलनीत कुणाकडे पाहुणे उतरले की तिच्या खिडकीतून आवाज यायचा, "सहा जण उतरले, चपला पाचच दिसतात. एक जण अनवाणी आलाय की काय गं?" मी समोरच्या घरात राहते. शाळेच्या वह्या तपासत बसलेली असायची. मान वर न करता म्हणायची, "असेल अक्का." तेवढ्याने तिचं भागत नसे. ती खाली जाऊन बघून यायची.

ती एसटीत कंडक्टर होती. नवरा ड्रायव्हर होता, तो गेल्यावर अनुकंपेवर तिला नोकरी मिळाली. पदरात चार वर्षांचा मुलगा. चाळीसगाव-एरंडोल हा रस्ता तिने एकोणीस वर्षं केला. भडगाव, कासोदा, एरंडोल आणि मधली सगळी लहानमोठी गावं तिला पाठ होती, पण गावांपेक्षा माणसं जास्त पाठ होती. डुलकी लागलेल्या माणसाचं गाव आलं की ती त्याच्या कानाशी जाऊन गावाचं नाव घ्यायची. नाव गावाचं घ्यायची, माणसाचं नाही. आणि माणूस दचकून उठायचा.

कडक होती. एकदा तिचा सख्खा मेहुणा फुटबोर्डवर लोंबकळत उभा होता. ती म्हणाली, आत या. तो म्हणाला, इथेच बरंय, हवा लागते. तिने घंटी मारून गाडी उभी केली आणि मेहुणा आत येईपर्यंत हलू दिली नाही. पुढे दोन वर्षं तो तिच्या घरी आला नाही. हे ती स्वतःच सांगायची, आणि सांगताना हसायची नाही.

पण तिच्याच नावावर दुसरीही एक गोष्ट होती, आणि ती पहिलीशी जुळत नाही. कासोद्याच्या अलीकडे एका थांब्यावर सासरी निघालेली नवी मुलगी चढायची होती. एक पाय पायरीवर ठेवून ती आईच्या गळ्यात पडून रडत होती. ड्रायव्हर हॉर्न वाजवतोय, प्रवासी ओरडताहेत. अक्का दारात उभी राहून म्हणाली, "रडू द्या तिला. रडून झालं की सुटू." गाडी वीस मिनिटं उशिरा पोचली. तक्रार झाली, लेखी खुलासा मागवला. खुलाशात अक्काने एकच ओळ लिहिली होती : प्रवासी चढत होता.

तिचं नेमकं कसं होतं, हे मला तेव्हाही कळत नव्हतं. माझं वय तिच्यापेक्षा दहा वर्षांनी कमी. ती मला मास्तरीणबाई म्हणायची, मी तिला अगं-तुगं करायची.

निवृत्त झाल्यावर घरात बसवेना, म्हणून तिने सहली काढायला सुरुवात केली. वर्षातून एकदा, कॉलनीतल्या आणि ओळखीतल्या लोकांना घेऊन. पहिल्या वर्षी देवस्थानं झाली. दुसऱ्या वर्षी ती म्हणाली, "आता समुद्र." आमच्याकडच्या निम्म्या लोकांनी समुद्र टीव्हीवरच पाहिलेला. अक्कानेही पाहिला नव्हता. पण तिने कुठूनतरी माहिती काढली, वही केली, भरती-ओहोटीच्या वेळा एका कागदावर उतरवून घेतल्या, आणि अठ्ठावीस माणसांची लहान बस ठरवून आम्हाला अलिबागला नेलं. आदल्या दिवशी पहाटे निघून दुपारी पोचलो. दुसरा दिवस फिरण्याचा : सकाळी अलिबागचा पाण्यातला किल्ला, मग रेवदंडा, मुरूड, तिथून होडीने जंजिरा, आणि संध्याकाळी परत.

सकाळी किनाऱ्यावर गेलो, तर समुद्र नव्हता.

म्हणजे होता, पण लांब. आदल्या दुपारी लाटा बांधाच्या भिंतीला लागत होत्या. आता नुसती ओली वाळू, आणि किल्ल्यापर्यंत माणसं चालत निघालेली. आमच्यातले निवृत्त तलाठी, ज्यांना सगळे आप्पा म्हणायचे, ते चष्मा पुसून पुन्हा बघायला लागले. शारदावहिनी तर घाबरल्याच. "अक्का, पाणी कुठं गेलं हो?"

अक्काने कागद काढला. "दुपारी येतं परत."

"आणि नाही आलं तर?"

"येतं. त्याला टाइमटेबल आहे. आपल्या गाडीसारखं नाही त्याचं."

तिने हे अशा खात्रीने सांगितलं की सगळे निमूटपणे घोटाभर पाण्यातून किल्ल्याकडे चालायला लागले. मी तिच्या शेजारून चालत होते. ती हळूच मला म्हणाली, "जातं कुठं गं पण खरंच?" मी शाळेत शिकवते तसं चंद्र, पृथ्वी, ओढ असं सांगितलं. तिने ऐकून घेतलं. मग म्हणाली, "हं. म्हणजे तुलाही माहीत नाही."

रेवदंड्याला एका खानावळीपुढे चहा-पोह्यासाठी थांबलो. माडांच्या सावलीत बाकं टाकलेली. एक वयस्कर बाई चहा देत फिरत होती. आमची माणसं मोठमोठ्याने अहिराणीत बोलत होती. घराबाहेर पडलं की आमच्याकडच्यांना आपली बोली जास्तच सुचते. अर्ध्या तासाने निघालो. गाडी सुटण्याआधी अक्काने दारात उभं राहून मोजलं.

"एकोणतीस."

ती थांबली. पुन्हा मोजलं. पुन्हा एकोणतीस. ड्रायव्हर सोडून आम्ही अठ्ठावीसच होतो. एक कमी भरला असता तर ती शोधत सुटली असती. पण एक जास्त, याचं काय करायचं हे तिला सुचेना. "उन्हाने डोळे फिरले वाटतं," ती म्हणाली आणि घंटी मारल्यासारखं दोनदा टपावर थापटून बसली.

मुरूडच्या पुढे धक्क्यावर होडीत बसताना होडीवाल्याने मोजलं, तोही म्हणाला एकोणतीस. जंजिऱ्यात उतरल्यावर अक्काने दरवाजातून आत सोडताना एकेकाच्या खांद्याला हात लावून मोजलं, तर अठ्ठावीस. तिचा चेहरा खुलला. होडीवालाच किल्लाही दाखवत होता. तोफा, तळी, कुठून शत्रू यायचा, कुठून पळायचा, सगळं एका दमात. आम्ही मागे मागे. परतताना होडीत पुन्हा एकोणतीस.

"मास्तरीणबाई, तू मोज."

मी मोजलं. मला सत्तावीस मिळाले, कारण मी स्वतःला आणि तिला धरलं नव्हतं. मग ते मिळवून एकोणतीस. आप्पांनी मोजलं, त्यांना तीस आले. त्यांनी होडीवाल्यालाही धरलं होतं. एव्हाना सगळ्या होडीत मोजामोजी सुरू झाली, प्रत्येकाचा आकडा वेगळा, आणि जो तो दुसऱ्याला वेड्यात काढतोय. अक्का होडीच्या टोकाला जाऊन बसली होती. आयुष्यात पहिल्यांदा तिचा हिशेब दुसऱ्यांच्या तोंडी गेला होता.

उलगडा जेवणाच्या वेळी झाला. मुरूडला अठ्ठावीस ताटं सांगितलेली. सगळे बसले आणि एक बाई उभी राहिली. जागा नव्हती म्हणून उभी राहिली असं आम्हाला वाटलं, पण ती सरळ आत गेली, भाताची पातेली घेऊन आली आणि आम्हाला वाढायला लागली. तिथल्या वाढप्याला वाटलं ती आमची, आम्हाला वाटलं ती त्यांची. अक्काने मात्र ओळखलं. "तुम्ही सकाळी आम्हाला चहा दिला."

बाई म्हणाली, "हा."

"आमच्या गाडीत कशा?"

बाईने पातेली खाली ठेवली. हात पदराला पुसले. आणि स्वच्छ अहिराणीत म्हणाली, "तुम्ही घर चालनात ना? मालेबी जानं शे."

तुम्ही घरी निघालात ना, मलाही जायचंय. एवढं ती म्हणाली, आणि सगळ्यांचे हात ताटातच थांबले.

नाव सुमन. माहेर गिरणेच्या काठी, भडगावजवळ. लग्न झालं, नवऱ्याबरोबर मुकादमाने रस्त्याच्या कामावर आणलं, नवरा इकडेच वारला. मग ती खानावळीत राहिली. किती वर्षं? तिला सांगता येईना. मुलं? नाहीत. माहेरी कोण? "दादा शे." सकाळी आमचं बोलणं कानावर पडलं आणि ती येऊन मागच्या लांब सीटवर दाटीत बसली. आमच्यातल्या प्रत्येकाला ती दुसऱ्या कुणाची तरी नातेवाईक वाटली. किल्ल्यात ती आत आलीच नव्हती, पायऱ्यांवर बसून राहिली होती.

तिला कुणीतरी ताट दिलं. ती जेवली नाही. आमच्या ताटांकडे बघत बसली, कुणाला काय हवं ते.

परतीच्या वाटेवर रेवदंड्याला खानावळवाली रस्त्यातच उभी होती. गाडी थांबली तशी ती दारात चढली, सुमनला बघितलं आणि खालीच बसली. "सकाळपासून शोधतेय हो मी! विहिरीत बघितलं, किनाऱ्यावर माणूस धाडला..." रडून झाल्यावर तिने सांगितलं ते असं : हिला हे दर हंगामात होतं. गेल्या वर्षी नगरकडच्या लोकांच्या गाडीत बसली होती. त्यांच्यासारखं बोलत होती. त्याआधी कोल्हापूरच्या. "कुणाचीबी बोली उचलते ती. ज्याची गाडी, त्याचं गाव तिचं माहेर. तुम्ही हिचं काय ऐकताय?"

सुमन खिडकीबाहेर बघत होती, जणू दुसऱ्याच कुणाविषयी बोलणं चाललंय.

आप्पा म्हणाले, "कुसुमबाई, उतरवा. उद्या काही झालं तर पोलीस आपल्याला विचारतील." दोघाचौघांनी माना हलवल्या. मीही हलवली, हे लिहायला हवं.

अक्का उठून सुमनपुढे जाऊन उभी राहिली. खांद्याला कातडी बॅग असल्यासारखी, एक पाय पुढे टाकून. तिने विचारलं, "भडगाव सोडलं. पुढे काय लागतं?"

"नदी," सुमन म्हणाली.

"मग?"

"मंग वावरंच वावरं."

"कासोद्याच्या आधी गाडी कुठं थांबते?"

सुमनने डोळे मिटले. मग म्हणाली, "चिच."

अक्का वळली. "ऐकलंत? चिंचेखाली. तिथं गाव नाही, पाटी नाही. एक चिंच होती, तिच्याखाली आम्ही गाडी थांबवायचो. झाड तोडूनही कितीतरी वर्षं झाली. त्या गाडीत बसल्याशिवाय हे कुणाला माहीत असणार नाही." मग ती खानावळवालीला म्हणाली, "ताई, हा माझा पत्ता, हा नंबर. हिचं घर सापडलं तर कळवते. नाही सापडलं तर मी स्वतः आणून सोडते. तुमच्या दारात."

खानावळवाली आत गेली, दोन लुगडी आणि एक स्वेटर पिशवीत घालून घेऊन आली. पिशवी सुमनच्या मांडीवर ठेवली आणि अक्काला म्हणाली, "सकाळी उठल्या उठल्या आधी चहा द्या हिला. मगच बोला. नाहीतर दिवसभर बोलत नाही." आणि मागे न बघता खाली उतरली.

मला इथे एक सांगायचं आहे. त्या रस्त्याने मीही अनेक वर्षं ये-जा केली आहे. मला ती चिंच आठवत नाही. पुढे एकदा अक्काच्याच गाडीवर असलेले एक जुने ड्रायव्हर भेटले, त्यांना विचारलं. ते डोकं खाजवून म्हणाले, "असेल बाई. त्या रस्त्याला चिंचा काय कमी होत्या?"

चाळीसगावला आल्यावर सुमन आठ दिवस अक्काकडे राहिली. अक्का सकाळी आधी तिला चहा द्यायची आणि मग बोलायची. सुमन घर झाडायची, आमच्या अंगणापर्यंत झाडत यायची. कॉलनीत कुणी गुजराती बाई भेटली तर तिच्याशी ती गुजरातीसारखं काहीतरी बोलायची. मी कान देऊन ऐकायची आणि मला पुन्हा शंका यायची. मी अक्काला सांगितलं. ती म्हणाली, "मग काय झालं? मीपण साहेबाशी वेगळं बोलायची आणि ड्रायव्हरशी वेगळं."

नवव्या दिवशी आम्ही तिघी सुमनने सांगितलेल्या गिरणाकाठच्या गावी गेलो. गावाचं नाव लिहीत नाही. ती माणसं आहेत अजून. तिने सांगितलेल्या भावाच्या नावाचे एक नाना तिथे खरोखर निघाले. त्यांना सुमन नावाची बहीणही होती आणि ती लग्नानंतर कामाला म्हणून परमुलखात गेली होती, इथवर सगळं बरोबर होतं. आम्ही ओट्यावर बसलो. नाना साठीच्या पुढचे, काटक, डोक्यावर टोपी. ते सुमनकडे बघत राहिले. सुमन त्यांच्याकडे बघून हसली आणि म्हणाली, "दादा, मी उनू." दादा, मी आले.

नानांनी मान खाली घातली. त्यांची बायको मात्र आतून धावत आली. "सुमनच शे! दखा, नाक दखा!" तिने सुमनला स्वतःच्या लग्नात एकदाच पाहिलेलं, हे मला नंतर कळलं. शेजारच्या दोन बायका आल्या. एक म्हणाली तीच, दुसरी म्हणाली सुमन उंच होती. पहिली म्हणाली, वयाने माणूस आखडतं. सुमनला विहीर कुठे आहे ते बरोबर सांगता आलं, पण दाराशी असलेलं कडूनिंबाचं झाड तिने आंब्याचं म्हणून सांगितलं. माझ्या डोक्याचा पार गोंधळ उडाला होता. मी अक्काकडे बघत होते, की आता ही काय विचारते. पण तिने एकही प्रश्न विचारला नाही.

थोड्या वेळाने नाना उठले आणि अक्काला म्हणाले, "बाई, जरा इकडे या." दोघं विहिरीपर्यंत गेले. मला इथून दिसत होतं. नाना काहीतरी बोलले, टोपी काढून हातात धरली. अक्का ऐकत होती. मग ती काही बोलली, थोडंच. मग दोघं उगीचच विहिरीत वाकून बघत उभे राहिले.

परत आल्यावर नाना ओट्यावर बसले आणि म्हणाले, "ऱ्हाऊ द्या आठे."

राहू द्या इथे. बायकोने लगेच चूल पेटवली. आम्हाला ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी आणि ठेचा खाल्ल्याशिवाय सोडलं नाही. सुमन वाढायला उठली तेव्हा नानांनी तिला हाताला धरून खाली बसवलं. "तू बस."

परतीच्या एसटीत मी अक्काला सरळ विचारलं, "ती सुमनच आहे ना गं?"

"मला काय विचारतेस? तिच्या भावाला विचार." आणि ती खिडकीला डोकं टेकून झोपली. खरी झोपली की नाही, सांगता येत नाही.

त्या संध्याकाळी तिने खानावळवालीला फोन केला. घर सापडलं, एवढंच सांगितलं. पलीकडून काहीतरी विचारलं गेलं. मग अक्का म्हणाली, "हो, चहाचं सांगितलंय."

समुद्राची सहल तिने पुन्हा काढली नाही. महिन्या-दोन महिन्यांनी भडगावची गाडी पकडून त्या गावी जाऊन यायची. मला कधी बरोबर चल म्हणाली नाही. पुढे तिचे गुडघे गेले, जिना चढवेना, आणि मुलगा तिला नाशिकला आपल्या फ्लॅटवर घेऊन गेला. कॉलनीतलं घर बंद झालं.

त्यानंतरच्या उन्हाळ्यात भडगावच्या बाजारात मला नाना भेटले. बियाणं घ्यायला आले होते. मला त्यांनीच ओळखलं. रसवंतीत बसलो. सुमनची चौकशी केली, बरी आहे म्हणाले, शेळ्या सांभाळते. मी असंच बोलायचं म्हणून बोलले, "नाना, तिला आता जुनं सगळं आठवतं का हो?"

नानांनी ग्लास खाली ठेवला. इकडेतिकडे बघितलं. मग म्हणाले, "बाई, तुमले अक्कानी सांगं नही का?"

"काय?"

"मनी सुमन सुरतले वारनी. भू वरीस व्हयनात. मी सोता गयथू. मन्हाच हातनी..." आणि त्यांनी हाताने माती लोटल्यासारखं केलं.

म्हणजे त्यांची बहीण कितीतरी वर्षांपूर्वी सुरतेला वारली होती आणि तिचं सगळं त्यांनी स्वतःच्या हाताने केलं होतं. घरात कुणाला सांगितलं नाही, कारण आई तेव्हा जिवंत होती आणि वाट बघत होती. आई गेल्यावर सांगायचं राहून गेलं. त्या दिवशी विहिरीपाशी त्यांनी अक्काला हेच सांगितलं होतं. पहिल्याच दिवशी.

मी विचारलं, "मग अक्का काय म्हणाल्या?"

"काही नही. म्हनी, नाना, मंग मी तिले परत ली जास." मग मी तिला परत नेते. नानांनी टोपी सारखी केली. पुढचं ते माझ्याकडे न बघता बोलले. "ती वट्टावर बसनी आन् माले दादा म्हनी. सुमन गयी तव्हयपासून माले कोनी दादा म्हनेल नव्हतं. म्या सांगं, ऱ्हाऊ द्या."

रस तसाच टाकून मी निघाले. घरी येईपर्यंत माझ्या डोक्यात एकामागून एक प्रश्न येत होते. ती नानांची बहीण नव्हती, तर त्यांचं नाव, ती विहीर तिला कशी ठाऊक? आणि ती खरी कोण? शेजारच्या एखाद्या गावची, की रस्त्याच्या कामावर खऱ्या सुमनबरोबर राहिलेली कुणी? खानावळवालीला आपण फसवलं का? सगळ्यात जास्त राग मला अक्काचा येत होता. मी तिला विचारलं होतं आणि तिने मला टाळलं होतं. एवढ्या वर्षांच्या शेजारात.

दिवाळीच्या सुट्टीत मी नाशिकला गेले. हे सगळं विचारायचं ठरवूनच गेले होते.

तिसऱ्या मजल्यावरचा फ्लॅट. अक्का गॅलरीत खुर्चीवर बसलेली, गुडघ्यांवर शाल. वाळली होती. मला बघून तिला इतका आनंद झाला की माझे प्रश्न मागेच राहिले. कॉलनीतल्या प्रत्येकाची चौकशी झाली. शारदावहिनी, आप्पा, माझी शाळा. सुनेने चहा आणला. मी मनात जुळवाजुळव करत होते, तेवढ्यात तिचा फोन वाजला. तिला कमी ऐकू यायला लागलं होतं, म्हणून तिने तो स्पीकरवर टाकला.

"अक्का, मी सुमन बोली राहयनू."

"बोल वं माय."

कपाशी वेचायला आली होती. एक शेळी व्यायली, दोन पिल्लं झाली. नानांच्या बायकोचा डोळा दुखत होता. अक्का एकेक गोष्ट नीट विचारत होती. मग म्हणाली, "दादा कसा शे तुना?"

"दादा खोकलस भू. मी त्याले काढा देस. आयकत नही. मी म्हनू, तू मना एकच भाऊ शे, तुले काही व्हयनं तर मी कोठे जासू?"

अक्का हसली नाही, रडली नाही. शालीचं टोक नीट करत म्हणाली, "दे त्याले काढा. आयकी तो." ऐकेल तो.

मी तिच्याकडे बघत होते. तिने माझ्याकडे पाहिलं, आणि मला वाटतं तिला कळलं की मला सगळं कळलंय. किंवा नसेलही कळलं. ती फोनवर हात ठेवून म्हणाली, "तू काहीतरी विचारणार होतीस ना? आल्यापासून बघतेय."

मी चहाचा कप खाली ठेवला. "काही नाही गं. गाडीची वेळ झाली."

"थांब, लिफ्टपर्यंत येते."

नको नको म्हटलं तरी ती भिंतीला धरत, एका हातात तो चालू फोन घेऊन बाहेर आली. मी लिफ्टमध्ये शिरले. ती समोर उभी होती, शाल एका खांद्यावरून घसरलेली, धाप लागलेली. फोनमधून सुमन विचारत होती, "अक्का, कोन शे वं तठे? कोनसंगे बोली राहयनी?"

"कोनी नही वं," अक्का माझ्याकडे बघत म्हणाली, "आपलीच शे."

आणि दार लागलं.